वॉटरमार्क होता, तरीही

मी स्पर्धा परीक्षांच्या मुलांना भूगोल शिकवते. नोट्स माझ्या, नकाशे माझ्या हातचे, आणि प्रत्येक पीडीएफच्या प्रत्येक पानावर माझं नाव तिरकं छापलेलं. तरी त्या चोरीला गेल्या, आणि वर मलाच ऐकवलं गेलं, ‘मॅडम, वॉटरमार्क तरी नीट टाकायचा!’

एका विद्यार्थिनीने टेलिग्रामवर आलेली फाइल दाखवली. पानभर दुसऱ्याच क्लासचा लोगो. मजकूर ओळखीचा वाटला, पण भूगोल सगळे तोच शिकवतात, म्हणून आधी गप्प बसले. पान खाली सरकवलं आणि वैजू दिसली. कोकणातल्या नद्या उत्तरेकडून दक्षिणेकडे लक्षात राहाव्यात म्हणून मी एक वाक्य रचलं होतं: ‘दमलेली वैजू उन्हात कुंकू सावरत वाशीला शास्त्रींच्या कट्ट्यावर तेवढी टेकली.’ दमणगंगा, वैतरणा, उल्हास, कुंडलिका, सावित्री, वाशिष्ठी, शास्त्री, कर्ली, तेरेखोल. वैजू माझी आत्या. हे वाक्य दुसऱ्या कुणाला सुचेलच कसं? माझे हात थरथरायला लागले. फाइलची ‘प्रॉपर्टीज’ उघडली, तर लेखकाच्या रकान्यात अजून माझंच नाव! ते पुसायचं त्यांना सुचलं नव्हतं.

त्या क्लासच्या संचालकांना फोन केला. ‘मॅडम, नद्या काय तुमच्या मालकीच्या आहेत का?’ नद्या नाहीत. वाक्य माझं आहे, नकाशा माझा आहे, मांडणी माझी आहे. कायदा माहितीला नाही, पण मांडणीला संरक्षण देतो, आणि त्यासाठी नोंदणीही सक्तीची नाही. मग सूर बदलला: ‘आमच्याकडे फाइल कोरीच आली होती.’

कोरी कशी झाली ते नंतर कळलं. डीटीपीवाल्याने वॉटरमार्क टाकायचे माझ्याकडून फाइलमागे पैसे घेतले आणि ॲक्रोबॅटमध्ये अख्खा फोल्डर एका दमात उरकला. ‘ब्रह्मदेवालाही निघणार नाही,’ म्हणाला. ॲक्रोबॅटने टाकलेला वॉटरमार्क फाइलमध्ये वेगळा ओळखता येतो, आणि टाकायची आज्ञा ज्या मेनूत आहे तिथेच काढायचीही आहे, तीही अनेक फाइलींवर एकदम चालणारी. रोज हेच काम करणाऱ्या माणसाने हे गिऱ्हाइकाला सांगायला नको?

आता मी काय करते ते सांगते. वॉटरमार्कचं पान लिब्रेऑफिसमध्ये बनवते आणि त्याची पीडीएफ काढते. थेट कमांडने मराठी अक्षरं छापायला गेलात तर वेलांट्या भलतीकडे जातात आणि जोडाक्षरं फुटतात. मग पीडीएफटीके नावाच्या मोफत साधनाने ते पान सगळ्या फाइलींवर चढवते. त्यात ‘स्टॅम्प’ मजकुराच्या वर बसतो, ‘बॅकग्राउंड’ खाली. पानं स्कॅन केलेली असतील तर ‘बॅकग्राउंड’ चित्राखाली झाकला जातो आणि काहीच दिसत नाही. अक्षरं फिकी ठेवा, पण कोपऱ्यात नको, मजकुरावरूनच गेली पाहिजेत. शेवटी प्रत्येक पानाचं चित्र करून पुन्हा पीडीएफ बांधा, म्हणजे थर वेगळा काढता येत नाही. फाइल जड होते आणि मजकूर शोधता येत नाही. स्क्रीन रीडर वापरणाऱ्या अंध विद्यार्थ्यांना अशी फाइल निरुपयोगी, त्यांना साधी वेगळी द्या. चोरांपायी त्यांची अडचण का व्हावी?

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे सगळ्यांना एकच शिक्का मारू नका. मेल मर्जने प्रत्येक विद्यार्थ्याच्या नावाचं वेगळं पान काढा आणि त्याच्या प्रतीवर तेच चढवा. प्रयत्न करणारा चित्रावरचं नावही खोडू शकतो, पण न खोडता पुढे ढकललेली एक प्रत कुठून फुटली ते सांगते.

मूळ फाइली वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवा. फुकट वॉटरमार्क टाकून देणाऱ्या संकेतस्थळांवर आपली कागदपत्रं चढवू नका, ती दुसऱ्याच्या सर्व्हरवर जातात. आणि डिजिटल स्वाक्षरीच्या सातबाऱ्यासारख्या फाइलवर वॉटरमार्क मारलात तर स्वाक्षरी वैध दिसत नाही.

कॉपीराइट कायदा 1957 चा. त्यात 2012 च्या दुरुस्तीने 65-ब हे कलम आलं. हक्काची माहिती, म्हणजे कृती कुणाची हे सांगणारी खूण, जाणूनबुजून आणि परवानगीशिवाय काढली तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. हे मी संचालकांना फोनवर सांगितलं, तर ते हसले.

वकिलांची नोटीस त्यांना पोचली आहे, उत्तर नाही. त्यांच्या नव्या बॅचच्या जाहिरातीत ‘आमच्या तज्ज्ञांनी तयार केलेल्या नोट्स’ ही ओळ अजून तशीच आहे. तिचाही स्क्रीनशॉट तारखेसह वकिलांकडे दिला आहे.