मोबाइलचे फ्लॅशिंग : अस्सल आणि नक्कल

अँड्रॉइड मोबाइलमधील साठवणुकीची जागा एकसंध नसते. शेतात बांध घालून तुकडे पाडावेत तसे तिचे अनेक विभाग असतात. त्यांना पार्टिशन म्हणतात. फोटो, गाणी एका विभागात. बूटलोडर, मोडेम आणि त्यांची मांडणी ठरविणाऱ्या फाइली इतर विभागांत. या आतल्या विभागांवर नवी फाइल लिहिणे म्हणजे फ्लॅशिंग. मोबाइल केबलने संगणकाला जोडून बहुधा 'फास्टबूट' या साधनाने ते करतात.

मी इतिहासाचा विद्यार्थी. अस्सल कागद आणि नक्कल हा आमच्या विषयातील भेद मला येथेही महत्त्वाचा वाटतो. सिस्टीम ही नक्कल आहे. बिघडली तर त्याच मॉडेलची फाइल पुन्हा मिळते. परंतु क्वालकॉमची चिप असलेल्या पुष्कळ मोबाइलांत मोडेमएसटी१ व मोडेमएसटी२ असे दोन लहानसे विभाग असतात. त्यांत त्या एकाच हँडसेटची मोडेमविषयक माहिती असते. एफएसजी हा त्यांचा राखीव उतारा. 'पर्सिस्ट' विभागात सेन्सरांची कारखान्यात केलेली जुळवणी असते. हे सारे अस्सल कागद. मित्राचा मोबाइल त्याच मॉडेलचा असला तरी त्यातून ते उसने आणता येत नाहीत. ते पुसले गेले तर १५ अंकी आयएमईआय क्रमांक नाहीसा होऊ शकतो आणि सिमकार्ड असूनही नेटवर्क येत नाही. मग बँकेचा ओटीपी नाही, शिष्यवृत्तीच्या अर्जाचाही नाही. ज्या घरात एकच मोबाइल आहे, तेथे हा केवळ छंदाचा प्रश्न राहत नाही. (आयएमईआय बदलणे आपल्याकडे गुन्हा आहे. स्वतःच्या हँडसेटचा जुना उतारा परत लिहिणे ही निराळी बाब.)

म्हणून प्रथम फोटो व फोन नंबर दुसरीकडे उतरवावेत. बूटलोडर उघडताना मोबाइलमधील आपली सर्व माहिती पुसली जाते. त्यानंतर, जेथे चालते तेथे, रिकव्हरी कायमची न लिहिता 'फास्टबूट बूट' या आज्ञेने तात्पुरती सुरू करावी आणि वरील चारही विभागांच्या प्रती संगणकावर घ्याव्यात. प्रत मोबाइलमध्येच ठेवणे म्हणजे तिजोरीची किल्ली तिजोरीत ठेवणे! नव्या फाइलचा मॉडेल क्रमांक अक्षरन्अक्षर जुळवावा. बॅटरी पुरेशी भरलेली असावी.

मागे परतण्याची वाट नेहमी असतेच असे नाही. २०२२ मध्ये पिक्सेल ६ वर अँड्रॉइड १३ आले, तेव्हा बूटलोडर असा बदलला गेला की अँड्रॉइड १२ ची जुनी फाइल त्यावर चालेनाशी झाली.

बूटलोडर पुन्हा बंद करण्याची घाईही नको. आत बदललेल्या फाइली असताना कुलूप लावले तर मोबाइल सुरूच होत नाही, असे घडते. मूळ फाइली परत लिहाव्यात, मोबाइल एकदा नीट सुरू होतो हे पाहावे आणि मगच कुलूप लावावे. तेव्हाही माहिती पुन्हा पुसली जाते.