गावतळ्यातील कमळ व त्याची जोपासना

आपटा गाव पाताळगंगेच्या काठी आहे. ही नदी पुढे धरमतरच्या खाडीस मिळते. खारे पाणी कमळास मानवत नाही. म्हणून अशा खाडीलगतच्या मुलखात रानकमळाचा खरा आसरा गोड्या पाण्याचे गावतळे हाच होय. १९७० नंतर नवी मुंबई वसत गेली, तसा पनवेल तालुक्यात जमिनीस भाव चढला व पाणथळ जागांवर भराव पडू लागला. उरलेल्या तळ्यांत जलपर्णी माजली, की तिच्या दाट थराखाली कमळाच्या कोवळ्या पानांस ऊन मिळत नाही. बागेतील कुंड्यांत कमळ पुष्कळ दिसते. परंतु तेवढ्यावरून तळ्यातील मूळ वाण सुरक्षित आहे असे समजू नये.

ओळख. कमळाचे पान वाटोळे व अखंड असून देठ मधोमध जोडलेला असतो. ते पाण्यावर उंच उठते व त्यावर पाणी ठरत नाही. कुमुदाचे पान देठापर्यंत चिरलेले असून ते पाण्यावर तरंगते.

तळ्याची निगा. उन्हाळ्यात गाळ काढून शेतात घालणे हितकारक आहेच. परंतु कमळाचे कंद त्याच गाळात आडवे पसरलेले असतात. यास्तव सबंध तळे एकाच वर्षी उपसू नये. कमळाचा एक कोपरा राखून ठेवावा. जलपर्णी फुलण्यापूर्वीच उपटून पाण्यापासून दूर वाळवावी. गवत्या मासा पाणवनस्पती खातो. तो अशा तळ्यात सोडू नये.

बियांपासून रोपे. कमळाचे बी फार चिवट असते. चीनमधील एका जुन्या तळ्याच्या मातीत सापडलेले सुमारे १,३०० वर्षांचे बी रुजल्याचे १९९५ साली प्रसिद्ध झाले. मात्र त्याच्या कठीण कवचातून पाणी सहज आत शिरत नाही. म्हणून पक्व बियांचे बोथट टोक कानशीने घासावे व आतील पांढरा भाग दिसताच थांबावे. मग बी कोमट पाण्यात भिजत ठेवून पाणी रोज बदलावे. आठवडाभरात बहुधा मोड येतो. पाने फुटल्यावर रोप तळास भोक नसलेल्या रुंद भांड्यात, चिकण मातीत लावून भरपूर उन्हात ठेवावे व बळावल्यावर तळ्याच्या उथळ काठाशी न्यावे.

भराव पडलेल्या तळ्यात मात्र यांतील कोणताच उपाय चालत नाही. म्हणून आपले गावतळे गावाच्या नकाशात व दप्तरात नोंदलेले आहे की नाही, हे प्रत्येक खातेदाराने प्रथम पाहून घ्यावे.