सामान्यज्ञान : आपल्या पहिल्या महिला राष्ट्रपती



अमेरिकेचे पहिले राष्ट्राध्यक्ष कोण, असे विचारले की तुम्ही चटकन 'जॉर्ज वॉशिंग्टन' लिहिता. परंतु १७८९ पासून आजपर्यंत तिथे एकही स्त्री राष्ट्राध्यक्ष झालेली नाही. आपल्या भारतात मात्र २००७ साली खानदेशची लेक राष्ट्रपती झाली. त्या म्हणजे श्रीमती प्रतिभाताई पाटील. त्यांची माहिती वहीत उतरवून घ्या.

१. जन्म १९ डिसेंबर १९३४, नाडगाव, जि. जळगाव.
२. कॉलेजात टेबल टेनिसच्या स्पर्धा जिंकल्या.
३. एम.ए. झाल्या, नंतर वकिलीचे शिक्षण घेतले.
४. १९६२ मध्ये, वयाच्या २७ व्या वर्षी आमदार.
५. २००४ मध्ये राजस्थानच्या पहिल्या महिला राज्यपाल.
६. २००९ मध्ये, ७४ व्या वर्षी, पुण्याहून सुखोई लढाऊ विमानातून उड्डाण.

पालकांनो, आपल्या जोयडा तालुक्यात जंगलातून शाळेची वाट लांब आहे, हे मी जाणतो. तरीही दहावीनंतर मुलीला घरी बसवण्यापूर्वी वरची तिसरी ओळ पुन्हा एकदा वाचा. त्या मुलीचे शिक्षण थांबले नाही, म्हणून पुढच्या ओळी लिहिता आल्या.