भुतांकडून टंकलेखनाचे धडे

कुजकी प्रेते झुलत झुलत अंगावर चालून येत आहेत आणि आपल्या हातात शस्त्र म्हणून आहे फक्त संगणकाचा कळफलक! प्रत्येक प्रेतासमोर एक शब्द झळकतो. तो बिनचूक टाइप केला तर प्रेत कोसळते. अक्षरे शोधत बसलात तर तडाखा ठरलेला. ‘द टायपिंग ऑफ द डेड’ या जपानी खेळातला हा प्रसंग आहे.

सेगा कंपनीने १९९८ साली ‘द हाउस ऑफ द डेड २’ हा बंदुकीने खेळायचा भीतिदायक खेळ काढला. १९९९ मध्ये त्यातली बंदूक काढून तिच्या जागी कळफलक आणला गेला. या खेळाच्या नायकांनी चक्क एक व्हिडिओ गेमचे यंत्र पाठीला बांधलेले असते आणि कळफलक पोटापुढे टांगलेला असतो! टाइप करायची वाक्येही इतकी विचित्र असतात की घाबरता घाबरता हसू येते.

पण या गमतीतून बोटे शिकतात कशी? पहिले कारण म्हणजे चूक की बरोबर, हे तत्काळ कळते. अचूक अक्षर म्हणजे एक गोळी; चुकीची कळ दाबल्यास गोळी सुटत नाही. दुसरे, काठिण्य पायरीपायरीने वाढते : आधी छोटे शब्द, मग लांबलचक वाक्ये. तिसरे, नजर पडद्यावरच ठेवावी लागते. एकच हालचाल पुनःपुन्हा केल्याने ती विचार न करता होऊ लागते. सायकल चालवताना आपण पायांचा विचार करतो का?

न पाहता टाइप करण्याचे महत्त्व १८८८ सालीच दिसून आले. अमेरिकेतील सिनसिनाटी येथील स्पर्धेत फ्रँक मॅगरिन यांनी कळांच्या जागा पाठ असल्याच्या बळावर लुई ट्रॉब यांना हरवले.

आता थोडे गणित करू. इंग्रजी टंकलेखनात पाच ठोके म्हणजे एक शब्द धरतात. मिनिटाला ३० शब्द म्हणजे १५० ठोके, अर्थात एका ठोक्याला ०.४ सेकंद. या वेगाने २० ठोक्यांचे वाक्य ८ सेकंदांत संपेल. प्रेत ६ सेकंदांत पोचणार असेल, तर मिनिटाला ४० शब्दांचा वेग हवा!

मात्र या गुरूला एक गोष्ट दिसत नाही : तुम्ही कळ कोणत्या बोटाने दाबली. दोनच बोटांनी टकटक करणाराही प्रेते लोळवू शकतो. पण चुकीची सवय एकदा मुरली की मोडणे कठीण. म्हणून आधी बोटांची बैठक शिकावी. इंग्रजी कळफलकावरील ‘एफ’ आणि ‘जे’ या कळांवर बारीक उंचवटा असतो. दोन्ही तर्जन्या तेथे ठेवल्या की बाकीची बोटे न पाहता आपापल्या जागी येतात.

करून पाहा : एकच उतारा रोज एक मिनिट टाइप करा. मित्राला तुमचे ठोके व चुका मोजू द्या. आठवड्याने दोन्हींचे आलेख काढा. पहिले तीन दिवस सावकाश, बिनचूक टाइप करा. नंतरच वेग वाढवा. वेगाची रेषा चढताना चुकांची रेषाही चढू लागली, तर काय करावे? याचे उत्तर तुमचा आलेखच देईल.