तेलाचा घाणा आणि मराठी शब्दसंपदा

भूमध्य समुद्राकाठच्या खेड्यांत ऑलिव्हचे झाड ही पिढ्यान्‌पिढ्यांची मालमत्ता असते. आजोबांनी लावलेल्या झाडाची फळे नातू झोडपतो आणि गावच्या घाण्यावर त्यांचे तेल निघते. जेरुसलेमच्या ‘गेथशेमाने’ या बागेच्या नावाचा मूळ अर्थच ‘तेलाचा घाणा’ असा आहे. साधन लोपल्यावरही त्याचे नाव मागे उरते. आपल्याकडे काय उरले आहे?

बुलढाणा जिल्ह्यात, लोणार तालुक्यातील सुलतानपूरच्या परिसरात खाद्यतेलासाठी जोपासलेले असे दीर्घायुषी झाड नाही. वऱ्हाडातील जुने तेल करडई, तीळ, जवस आणि भुईमूग यांचे. करडई रब्बीत, काळ्या जमिनीत मुरलेल्या ओलीवर येते. तिचे सोटमूळ खोल जाते. ज्वारीच्या शेताच्या कडेने या काटेरी पिकाचे तास पेरले की गुरे आत शिरत नसत. कुंपणही तेच आणि तेलही तेच! काढणी मात्र भल्या पहाटे करावी लागे, कारण दवाने काटे मऊ पडतात. बी दरवर्षी नव्याने पेरायचे; म्हणून येथील परंपरा झाडात नव्हे, तर बियाण्यात आणि घाण्यात राहिली.

घाण्याच्या खोल उखळीत उभी लाट फिरते आणि तिला जोडलेले आडवे लाकूड झापड लावलेला बैल ओढतो. ‘घाण्याचा बैल’, ‘घाण्याला जुंपणे’ हे प्रयोग याच दृश्यातून आले. ‘घोडे कोठे पेंड खाते’ यातील पेंड म्हणजे तेल निघाल्यावर उरलेला चोथा; वऱ्हाडात तिला ढेप म्हणतात. वाक्प्रचारात पेंड आणि गोठ्यात ढेप, अशी ही जोडी बोलीच्या अभ्यासकाने अवश्य नोंदवावी.

१९८६ साली केंद्र सरकारने तेलबिया तंत्रज्ञान अभियान सुरू केले. पुढील दशकांत विदर्भात सोयाबीन पसरले. त्याच्या दाण्यात तेल साधारण १८ ते २० टक्के. ते कारखान्यात द्रावकाच्या साहाय्याने काढतात. बैलघाण्याचे ते काम नव्हे. या बदलाला केवळ हानी म्हणणे मात्र अन्यायाचे होईल. घाण्यावरचे कष्ट बैलाचे होते तसेच तेली कुटुंबाचेही होते. आता शहरांत ‘लाकडी घाण्याचे तेल’ पुन्हा विकले जाते. तेथे लाट मोटारीवर फिरते. शब्द परतला आहे, बैल परतलेला नाही.

क्षेत्रीय कार्य : आपल्या गावातील वयोवृद्धांना भेटून घाण्याच्या भागांची स्थानिक नावे, त्यांच्या उच्चारांसह, लिहून घ्या. त्यांतील कोणते शब्द घरातील मुलांना समजतात, हेही विचारा.