सुवर्णपर्वताकडे

चीनच्या दक्षिण किनाऱ्यावर ग्वांगडोंग नावाचा प्रांत आहे. तेथे नद्यांच्या मुखाशी भाताची शेते दूरवर पसरलेली असत. जमीन सुपीक होती. परंतु माणसे फार आणि शेते लहान. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास ह्या प्रांतावर एकामागून एक संकटे कोसळली. अफूच्या युद्धात इंग्रजांनी चीनचा पराभव केला. कराचा बोजा वाढला. पूर आणि दुष्काळ ह्यांनी शेतकरी नागवला गेला. पुढे १८५० साली ताइपिंग बंडाळीचा वणवा पेटला, तो चौदा वर्षे विझला नाही.

अशा काळात समुद्रापलीकडून एक वार्ता आली. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, कॅलिफोर्नियात, १८४८ च्या जानेवारीत सोने सापडले होते. ग्वांगडोंगमधील लोक त्या दूरच्या भूमीला ‘गाम सान’ म्हणू लागले. गाम सान म्हणजे सुवर्णपर्वत!

गावोगावचे तरुण निघाले. जहाजाच्या भाड्यासाठी अनेकांनी कर्ज काढले आणि ते मजुरीतून फेडण्याचे कबूल केले. घरी वृद्ध आईबाप, पत्नी आणि मुले राहिली. चार पैसे गाठीला बांधावेत, परत यावे, शेत विकत घ्यावे, एवढीच बहुतेकांची आकांक्षा होती. १८५२ ह्या एकाच वर्षी सुमारे वीस हजार चिनी लोक सॅन फ्रान्सिस्को बंदरात उतरले. परंतु सुवर्णपर्वतावर त्यांचे स्वागत झाले नाही. परदेशी खाणकामगारांवर दरमहा कर बसविण्यात आला, आणि त्याचा भार मुख्यतः चिनी लोकांनाच सोसावा लागला. पुष्कळांनी सोन्याचा नाद सोडला. कोणी कपडे धुण्याची दुकाने काढली, कोणी स्वयंपाकी झाले, कोणी भाजीपाला पिकवू लागले.

त्या वेळी अमेरिकेचा पूर्व किनारा व पश्चिम किनारा ह्यांना जोडणारा लोहमार्ग नव्हता. न्यूयॉर्कहून कॅलिफोर्नियाला जलमार्गाने जाण्यास दक्षिण अमेरिकेला वळसा घालावा लागे आणि त्यात कित्येक महिने मोडत. म्हणून १८६२ साली, अब्राहम लिंकन हे राष्ट्राध्यक्ष असताना, दोन्ही किनारे जोडणाऱ्या लोहमार्गाचा कायदा झाला. पूर्वेकडून एका कंपनीने आणि पश्चिमेकडून दुसऱ्या कंपनीने रूळ टाकीत यावे, असे ठरले. पश्चिमेकडील कंपनीचे नाव ‘सेंट्रल पॅसिफिक’. तिच्या वाटेत सिएरा नेवाडा हा अजस्र पर्वत आडवा पसरला होता. गोरे मजूर थोडे दिवस काम करीत आणि चांदीच्या खाणींकडे निघून जात. काम रखडले.

चार्ल्स क्रॉकर हा कंपनीच्या बांधकामाचा प्रमुख. चिनी मजूर घ्यावेत, असे त्याने सुचविले. देखरेख करणाऱ्या स्ट्रोब्रिज ह्याला ते पटले नाही. ही लहान चणीची माणसे एवढे अवजड काम कसे करणार, अशी त्याला शंका होती. अखेर १८६५ साली सुमारे पन्नास चिनी मजुरांना काम देऊन पाहण्यात आले. त्यांची चिकाटी पाहून स्ट्रोब्रिजचे मत पालटले. मग शेकडो आले, हजारो आले. कॅलिफोर्नियातील माणसे पुरेनात, तेव्हा थेट ग्वांगडोंगमधून भरती सुरू झाली. पुढे ह्या कंपनीच्या दर दहा मजुरांतील आठ-नऊ चिनीच असत.

ते लहान लहान टोळ्या करून राहत. प्रत्येक टोळीचा एक मुकादम असे आणि एक स्वयंपाकी असे. भात, सुकविलेले मासे, सुक्या भाज्या आणि ऊन ऊन चहा हा त्यांचा आहार. ह्या चहाचा एक मोठा लाभ झाला. इतर मजूर ओढ्यानाल्यांचे पाणी तसेच पीत आणि पोटाच्या विकारांनी आजारी पडत. चिनी मजुरांचे पाणी चहासाठी उकळलेले असल्यामुळे ते त्या रोगांपासून पुष्कळसे वाचले.

सर्वांत बिकट काम होते ते पर्वतमाथ्यावरील बोगद्याचे. समुद्रसपाटीपासून सुमारे सात हजार फूट उंचीवर, अखंड खडकातून, १,६५९ फूट लांबीचा बोगदा खणावयाचा होता. यंत्रे नव्हती. एकाने पोलादी पहार खडकाला लावून धरावयाची आणि इतरांनी तिच्यावर घण घालावयाचे. भोक पुरेसे खोल झाले की त्यात दारू ठासून बत्ती द्यावयाची. दिवसरात्र पाळ्या चालत, तरी कित्येकदा दिवसाकाठी एका तोंडाला फूटभरच खडक निघे. म्हणून डोंगराच्या माथ्यावरून मध्यभागी एक विवर खणण्यात आले. दोन्ही टोकांकडून आत आणि मधून दोन्ही बाजूंना बाहेर, असे चार ठिकाणी काम सुरू झाले. पुढे नायट्रोग्लिसरीन हे अधिक जहाल स्फोटक वापरण्यात येऊ लागले. त्याने कामाला वेग आला. पण जिवाचा धोकाही वाढला.

१८६६-६७ चा हिवाळा तर भयंकरच होता. वादळामागून वादळे आली. मजुरांच्या राहुट्या बर्फाखाली गडप झाल्या. राहण्याच्या जागेपासून बोगद्यापर्यंत जाण्यासाठी त्यांना बर्फातूनच भुयारे खणावी लागली. कधी डोंगरावरून बर्फाचा कडा सुटे आणि माणसांना गिळून टाकी. त्यांचे देह वसंत ऋतूत बर्फ वितळल्यावरच हाती लागत. अशा रीतीने किती माणसे मेली, ह्याचा हिशेब कंपनीने ठेवला नाही.

एवढे कष्ट करूनही वागणूक सारखी नव्हती. गोऱ्या मजुरांना वेतनाखेरीज अन्न आणि निवारा कंपनीकडून मिळे. चिनी मजुरांना आपल्या अन्नाचा खर्च आपल्याच वेतनातून करावा लागे. १८६७ च्या जूनअखेरीस हजारो चिनी मजुरांनी हत्यारे खाली ठेवली. महिना पस्तीस डॉलरांऐवजी चाळीस डॉलर द्यावेत आणि कामाचे तास कमी करावेत, अशी त्यांची मागणी होती. त्यांनी दंगा केला नाही, कोणावर हात उगारला नाही. ते आपल्या राहुट्यांत शांतपणे बसून राहिले. क्रॉकरने त्यांचा अन्नपुरवठा बंद केला. त्या उजाड पर्वतावर दुसरीकडून धान्य मिळण्याचा मार्ग नव्हता. सुमारे आठवड्याने उपाशी मजूर पुन्हा कामावर गेले. त्यांची मागणी मान्य झाली नाही. परंतु ही माणसे मुकाट्याने सर्व काही सोसतात, हा समज मात्र खोटा ठरला.

त्याच वर्षी बोगदा आरपार झाला. पुढे वाळवंट लागले आणि रूळ झपाट्याने पुढे सरकू लागले. २८ एप्रिल १८६९ रोजी एका दिवसात दहा मैल रूळ टाकण्याचा विक्रम झाला. त्या दिवशी रूळ उचलणारे आठ आयरिश कामगार होते. त्या आठांची नावे आजही वाचावयास मिळतात. त्यांच्याबरोबर राबणाऱ्या चिनी मजुरांची नावे मात्र कोणी टिपून ठेवली नाहीत. १० मे १८६९ रोजी यूटामधील प्रॉमॉन्टरी येथे दोन्ही लोहमार्ग एकमेकांस भिडले आणि समारंभाने सोन्याचा खिळा बसविण्यात आला. त्या सोहळ्याचे छायाचित्र जगप्रसिद्ध आहे; परंतु त्या गर्दीत चिनी चेहरा शोधूनही सापडणे कठीण.

ह्यानंतर कृतज्ञतेऐवजी कटुताच त्यांच्या वाट्याला आली. कामे कमी झाली, तसा चिनी लोकांविषयीचा द्वेष वाढला. १८८२ साली कायदा करून चिनी मजुरांना अमेरिकेत येण्यास बंदी करण्यात आली. हा कायदा १९४३ पर्यंत टिकला. १९१० ते १९४० ह्या काळात सॅन फ्रान्सिस्कोजवळील एंजल बेटावर नव्याने येणाऱ्या चिनी लोकांना आठवडेच्या आठवडे, कधी महिनेही, अडकवून ठेवीत. त्यांतील काहींनी तेथील लाकडी भिंतींवर कविता कोरल्या. त्या भिंती अजून उभ्या आहेत.

लोहमार्ग बांधणाऱ्यांनी मात्र अशा भिंतीही मागे ठेवल्या नाहीत. त्यांनी घरी पत्रे लिहिली असतील. परंतु त्यांपैकी एकाच्याही हातचे पत्र वा रोजनिशी संशोधकांना सापडलेली नाही. कंपनीच्या नोंदवहीत बहुधा मुकादमाचेच नाव असे. त्याच्या टोळीतील माणसे निनावीच राहत. त्यांच्या मुक्कामाच्या जागी मातीतून फुटक्या वाडग्यांचे तुकडे, चिनी नाणी, गुंड्या एवढेच निघते.

जेथे इतिहासाची साधने संपतात, तेथे ऐतिहासिक कादंबरीकार पुढे येतो. सॅन फ्रान्सिस्को येथे १९४८ साली जन्मलेले लॉरेन्स येप हे असेच एक लेखक होत. ‘ड्रॅगन्स गेट’ ही त्यांची मुलांसाठी लिहिलेली कादंबरी १९९३ साली प्रसिद्ध झाली. ग्वांगडोंगमधून आलेला एक मुलगा १८६७ साली ह्याच पर्वतावर, ह्याच बर्फात राबतो, अशी तिची कथा आहे. तो मुलगा कल्पित आहे. पण तो पर्वत, तो बोगदा, ती थंडी, तो अन्याय हे सारे खरे आहे. इतिहास आपणांस सांगतो की बोगदा १,६५९ फूट लांब होता. त्या अंधारात पहार धरून बसलेल्या मुलाला घरची आठवण कशी येत असेल, हे कादंबरी सांगते. चांगला कादंबरीकार सन बदलत नाही, घटना फिरवीत नाही. पुराव्याने आखलेल्या चौकटीत राहूनच तो निनावी माणसांना नाव आणि मन देतो.

२०१४ साली अमेरिकेच्या श्रम खात्याने ह्या चिनी मजुरांचा आपल्या सन्मानदालनात समावेश केला. त्यांच्या परिश्रमांना सुमारे दीडशे वर्षांनी मिळालेली ती पोच होती. कोणतेही मोठे बांधकाम पाहताना आपण ते कोणी बांधविले, एवढेच विचारतो. ते कोणी बांधले, हेही विचारावयास आपण शिकले पाहिजे.

शब्दार्थ
नागवणे – लुबाडले जाणे, सर्वस्व गमावणे
अजस्र – अतिशय मोठा
चण – शरीराची ठेवण
विवर – खोल खड्डा
रोजनिशी – दररोजच्या घटनांची वही

स्वाध्याय
१. ग्वांगडोंगमधील तरुणांनी मायदेश का सोडला?
२. चहामुळे चिनी मजुरांचा कोणता लाभ झाला?
३. बोगद्याचे काम चार ठिकाणी एकाच वेळी का सुरू केले?
४. १८६७ चा संप अयशस्वी झाला, तरी तो व्यर्थ गेला नाही. हे विधान स्पष्ट करा.
५. इतिहास आणि ऐतिहासिक कादंबरी ह्यांतील फरक पाठाच्या आधारे सांगा.
६. आपल्या गावातील धरण, पूल, रस्ता किंवा देऊळ बांधणाऱ्या कामगारांविषयी वडीलधाऱ्यांकडून माहिती मिळवा आणि दहा ओळी लिहा.