काटा-पावतीवरील पुसलेला आकडा



मागील हंगामात तळवड्याचे एक सभासद पावती घेऊन तावातावाने गट कार्यालयात आले. "साहेब, गाडीचं रिकामं वजन वाढवून माझा चारशे किलो ऊस मारला!" पावती भिजून रिकाम्या वजनाचा आकडा पुसला गेला होता. तो त्यांनी घरी वजाबाकी करून काढला होता. चूक तिथेच झाली होती.

भरगाडी 24.305 टन, निव्वळ ऊस 16.47 टन. भरगाडीतून निव्वळ वजा केले की रिकामे वजन निघते. (बांधणीची वजावट केली असेल तर ती आधी निव्वळात मिळवावी.)

16.47 म्हणजे 16 टन 47 किलो नव्हे! टिंबानंतरचे पहिले घर क्विंटलचे, दुसरे दहा किलोंचे, तिसरे सुट्या किलोंचे. म्हणून ते 16 टन 470 किलो. टिंबाखाली टिंब मांडा, मोकळ्या घरात शून्य लिहा:

24.305
− 16.470
= 7.835

आता उजवीकडून चला. 5 तून 0 गेले, 5. पुढे 0 तून 7 जात नाहीत; शेजारचा एक क्विंटल मोडा, दहा किलोंचे 10 वाटे झाले. 10 तून 7 गेले, 3. क्विंटल उरले 2, त्यातून 4 जात नाहीत. एक टन मोडा, 12 क्विंटल झाले. 12 तून 4 गेले, 8. टन उरले 23. त्यातून 16 गेले, 7.

ताळा: 7.835 + 16.470 = 24.305.

त्या सभासदांनी 16.047 धरले, म्हणून उत्तर 8.258 आले. फरक 423 किलोंचा. 2025-26 च्या एफआरपीने (10.25 टक्के उताऱ्यास टनी 3550 रुपये) तो तोडणी-वाहतूक धरून 1501 रुपये 65 पैसे होतो.

तळवडे 1997 साली महापालिकेत गेले, कारखाने आले, शेती गुंठ्यांवर आली. एवढ्याशा उसात चारशे किलो थोडे नव्हेत. म्हणून काढलेला आकडा त्याच गाडीच्या आधीच्या खेपेशी ताडून पाहा. डिझेल-चिखलाने थोडा फरक पडेलच. मोठा फरक दिसला तर मात्र गप्प बसू नका, पावती घेऊन या.

घरी करून पाहा: भरगाडी 22.04, निव्वळ 14.685. उत्तर 7.355 आले, तर पावती तुम्हांला वाचता आली.

— ऊस विकास अधिकारी